बोर्डोच्या गावी

निफाड तालुक्यात वाढलेल्या पोराला बोर्डो हा शब्द शाळेत जायच्या आधीच येतो. द्राक्षवेलींवर बुरशीसाठी फवारायचं औषध. एक किलो मोरचूद म्हणजे तांब्याचं सल्फेट, एक किलो कळीचा चुना, शंभर लिटर पाणी. दोन्ही वेगवेगळं भिजवायचं, मग एकत्र करायचं, आणि भांडं लोखंडी वापरायचं नाही. वडील त्या मिश्रणात विळ्याचं पातं बुडवून बघायचे. पात्यावर तांबूस थर चढला तर चुना कमी पडला असं समजायचं. घरातल्या पुरुषांच्या बोटांच्या पेरांवर आणि सदऱ्यांच्या बाह्यांवर तो आकाशी रंग बाराही महिने असायचा. बोर्डो हे फ्रान्समधल्या बोर्दो शहराचं नाव आहे हे मला कृषी महाविद्यालयात गेल्यावर समजलं. ते शहर बघायची इच्छा तेव्हापासूनची.

थोरली मुलगी नोकरीनिमित्त तुलूजला असते. तिथून बोर्दो रेल्वेने दोन तासांवर. "बाबा, सप्टेंबरात या. तिकडे काढणी चालू असते आणि ऑक्टोबर लागला की छाटणी सोडून तुम्ही काही येणार नाही," असं म्हणून तिने द्राक्षबागा आणि वाइनची चार दिवसांची टूर ठरवली. आठ प्रवासी, एक छोटी गाडी आणि द्राक्षवाल्याच्याच घरात वाढलेली गाइड. आमची ही माळकरी. ती म्हणाली, "मी घेणार नाही, पण बाग बघायला काय हरकत आहे? एवढी वर्षं आपली बघितली, आता त्यांची बघू."

रविवार, 22 सप्टेंबर 2024

संध्याकाळी बोर्दोत उतरलो. सामान ठेवून थेट नदीवर गेलो. गारोनचं पाणी पुराच्या गोदावरीसारखं गढूळ, तांबूस. मी पुराचंच समजलो, पण ते कायम तसंच असतं. समुद्राची भरती इथवर चढते आणि गाळ खालीवर होत राहतो. आम्ही सतरा कमानींच्या दगडी पुलावर उभे होतो तेव्हा भरती लागली होती, आणि लाकडाचा एक ओंडका प्रवाहाच्या उलट दिशेने, वरच्या अंगाला निघाला होता. ही बराच वेळ त्या ओंडक्याकडे बघत राहिली.

नदीकाठच्या अठराव्या शतकातल्या इमारतींची रांग सुंदर आहे, पण त्या दिवशी माझं लक्ष तिथे नव्हतं. मला उद्या मेदोकला, शहराच्या उत्तरेच्या वाइनच्या भागात, जायचं होतं.

सोमवार: मेदोक

बरोबर कॅनडाचं एक जोडपं, दोघी आयरिश बहिणी, ब्राझीलचे एक निवृत्त डॉक्टर आणि आम्ही तिघं. गाइडने गाडी सुरू व्हायच्या आधीच प्रत्येकाला विचारलं, इथे कशासाठी आलात? मी सांगितलं की आमची नऊ एकर द्राक्षबाग आहे, खायच्या द्राक्षांची, आणि आम्ही तुमच्या शहराच्या नावाचं औषध मारतो. मुलीने फ्रेंचमध्ये समजावलं. गाइडने हातातला कागद घडी घालून ठेवला आणि म्हणाली, मग आज दुपारचा क्रम मी बदलते.

शहर सोडून उत्तरेला निघालं की एका बाजूला जिरोंदची खाडी आणि दुसऱ्या बाजूला बागा. पहिल्यांदा नजरेत भरतं ते वेलींचं ठेंगणेपण. आमच्याकडे मांडवाखाली माणूस ताठ चालतो, वाय आकाराच्या आधारावरच्या पद्धतीतही घड छातीला लागतात. इथे घड गुडघ्याएवढ्या उंचीवर. दिवसा तापलेल्या दगडगोट्यांची ऊब रात्री घडांना मिळावी म्हणून ते जमिनीलगत ठेवतात. ओळीत एक मीटर, दोन ओळींतही एक मीटर, म्हणजे हेक्टरी दहा हजार वेली. मी मनात एकराचा हिशेब केला. आमची लागवड नऊ बाय पाच फुटांवर, एकरी 968 वेली. त्यांची चार हजारांच्या वर. एवढ्या अरुंद ओळींत ट्रॅक्टर शिरतो कसा, असं विचारेपर्यंत तो समोर आलाच. उंच पायांचा, वेलींच्या वरून चालणारा. वेल त्याच्या पोटाखालून जाते.

जमीन बघून तर मी खाली बसलोच. मुठीत माती येईना, नुसते गोटे. गारोनने लाखो वर्षांत पिरेनीज पर्वतातून वाहून आणलेले. आमच्या वडिलांनी आयुष्यभर शेतातले दगड वेचून बांधावर टाकले. इथे ज्याच्या रानात गोटे जास्त त्याची जमीन महाग, कारण पाण्याचा निचरा. सतराव्या शतकात डच लोकांनी चर खणून या भागातली दलदल उपसली, त्याआधी इथे बरंचसं पाणथळच होतं. वेलीला नदी दिसली पाहिजे, अशी इकडची जुनी म्हण आहे. मुरमाड रानातली बाग काळ्या रानातल्या बागेपेक्षा आधी का उठते, हे आमच्याकडचा कोणीही सांगेल. तेच ज्ञान, वेगळ्या दगडावर लिहिलेलं.

आणखी एक गोष्ट. इथे फळावर आलेल्या बागेला साधारणपणे पाणी द्यायला परवानगी नाही. ठिबकच्या नळ्या कुठे दिसत नव्हत्या आणि डोळ्यांना ते खटकत होतं, एखाद्या घरात देव्हारा नसावा तसं. मुळांनी आपलं पाणी खोल जाऊन शोधायचं.

पोयाकजवळच्या एका शातोत पहिली चव घेतली. शातो म्हणजे किल्ला किंवा महाल, पण इथे बाग, तळघर आणि घर मिळून जे काही असेल त्याला शातो म्हणतात, मग घर साधं कौलारू का असेना. 1855 साली पॅरिसच्या प्रदर्शनासाठी तिसऱ्या नेपोलियनच्या सांगण्यावरून इथल्या दलालांनी बाजारभावावरून शातोंची पाच पायऱ्यांत प्रतवारी लावली. ती आजही चालते. वरच्या पायरीवर एवढ्या वर्षांत एकच भर पडली, 1973 मध्ये मुतों-रोथशिल्डची. दलालांनी भाव बघून लावलेली प्रत जवळजवळ पावणेदोनशे वर्षं टिकते, हे ऐकून मला आमचं पिंपळगावचं मार्केट आठवलं. तिथली प्रत संध्याकाळपर्यंतही टिकत नाही.

ग्लास हातात आला. हिने फक्त वास घेतला आणि लगेच म्हणाली, "अहो, हा तर कंपासपेटीचा वास. पेन्सिल तासल्यावर येतो तो." मुलीने ते भाषांतर करून सांगितलं. तळघर दाखवणारा तरुण हसला नाही, उलट गंभीर झाला. पोयाकच्या कॅबर्ने सोव्हिन्यों या लाल द्राक्षाची ओळख सांगताना जाणकार हाच वास सांगतात, तो म्हणाला. पुढचे तीन दिवस प्रत्येक ठिकाणी गाइड पहिला ग्लास हिच्याकडे द्यायची. मी प्यालो. पहिल्यांदा कोवळ्या जांभळाचा तुरटपणा, जीभ आणि गाल आवळून धरणारा. मग तो हळूहळू सुटतो आणि मागे काळ्या फळांची चव राहते.

दुपारी गाडी सँ-झुलियाँला थांबली. रस्त्याकडेला द्यूक्रू-बोकायू या शातोच्या बागा. बोकायू म्हणजे सुंदर गोटा. गाइडने सगळ्यांना खाली उतरवलं आणि मला पुढे बोलावलं.

बोर्डोच्या शोधाची गोष्ट मला पुस्तकातून माहीत होती, पण ती ज्या रस्त्यावर घडली त्या रस्त्यावर उभं राहून ऐकणं वेगळं. 1860 च्या दशकात फिलॉक्सेरा नावाची मुळं खाणारी कीड अमेरिकेतून फ्रान्समध्ये आली आणि बागा उभ्या वाळू लागल्या. त्यावर उपाय म्हणून अमेरिकेतल्या जंगली वेली आणल्या, कारण त्यांच्या मुळांना ती कीड फारशी बाधत नाही. त्या वेलींच्या मागोमाग डावणी हा बुरशीचा रोग आला, 1878 मध्ये. पानं गळायची, घड उघडे पडायचे, रस आंबटच राहायचा. 1882 च्या शरद ऋतूत बोर्दो विद्यापीठातले वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक मिलार्दे या भागातून चालले होते. सगळीकडच्या वेली नागड्या झालेल्या, पण रस्त्यालगतच्या ओळी हिरव्या. पानांवर निळसर काहीतरी वाळलेलं. चौकशी केल्यावर कळलं की येणारे-जाणारे घड तोडून खातात म्हणून कडेच्या ओळींवर मोरचूद आणि चुना शिंपडला आहे. विषारी दिसावं, चोरांनी हात लावू नये, एवढ्यासाठी. मिलार्देंनी इथल्या बागांची व्यवस्था बघणाऱ्या एर्नेस्त दाव्हिद यांच्या मदतीने बागेत आणि रसायनशास्त्रज्ञ गायों यांच्या मदतीने प्रयोगशाळेत काम केलं आणि 1885 मध्ये प्रमाण जाहीर केलं.

मी रस्त्यालगतच्या ओळीचं एक पान उलटं करून बघितलं. सवयीने. खालच्या बाजूला पांढरी लव नव्हती. वरच्या बाजूला मात्र फिकट निळे ठिपके वाळलेले होते. हिनेही बघितले. आम्ही दोघं काही बोललो नाही. मला वडिलांच्या सदऱ्याची बाही दिसत होती.

गाइडला मी डॉगरिज या खुंटाबद्दल सांगितलं, म्हणजे ज्याच्या मुळांवर आम्ही आमच्या द्राक्षाचं कलम करतो त्या वेलीबद्दल. आमच्या बागाही आता अमेरिकन खुंटावर आहेत. कारण मात्र वेगळं, पाण्याचा ताण आणि जमिनीतले क्षार. शेजाऱ्यांची नवी लागवड 110 आर खुंटावर आहे आणि तो तर फ्रान्समध्येच तयार झालेला. ती म्हणाली, म्हणजे तुमच्या आणि आमच्या वेली जमिनीखाली नातेवाईक आहेत.

मंगळवार: सँ-तेमिलियों आणि पोमरोल

आज दोर्दोन्य नदीच्या उजव्या तीरावर. इथे मर्लो या लाल द्राक्षाचं राज्य. खाली चुनखडी आणि चिकणमाती.

सँ-तेमिलियों हे टेकडीवरचं दगडी गाव 1999 पासून जागतिक वारसा यादीत आहे, भोवतालच्या बागांसकट. गावाच्या पोटात बाराव्या शतकात एकाच खडकातून कोरलेलं चर्च आहे, 38 मीटर लांब. आत शिरलो तेव्हा अंगावर आली ती ओल आणि गारवा, वेरूळच्या आतल्या लेण्यांसारखा. वर घंटेचा मनोरा उभा आहे, त्याचं सगळं ओझं या कोरलेल्या खांबांवर, म्हणून खांबांना लोखंडी आधार दिलेत. याच गावाखालून काढलेल्या दगडांनी बोर्दोतल्या कितीतरी इमारती बांधल्या गेल्या आणि दगड काढून उरलेल्या भुयारांत आता वाइनची पिंपं झोपलेली असतात. अशा एका तळघरात छतातून वेलीची मुळं उतरलेली दाखवली. वर बाग, खाली आम्ही, मधल्या दगडाच्या फटीतून दोऱ्यासारखी मुळं. पाणी न देता वेल जगते कशी, याचं उत्तर मला तिथे डोळ्यांनी मिळालं.

पिंपं ओकच्या लाकडाची, 225 लिटरची. आतून विस्तवावर शेकलेली, त्यामुळे व्हॅनिला, भाजलेली बडीशेप असे वास येतात.

इथली प्रतवारी 1955 पासूनची आणि साधारण दर दहा वर्षांनी बदलणारी. त्यावरून कोर्टकचेऱ्या झाल्या. 2022 च्या यादीच्या आधी ओझोन, शव्हाल ब्लां आणि अँजेल्युस या मोठ्या नावांनी स्वतःहून माघार घेतली. पोमरोलमध्ये प्रतवारीच नाही, तरी पेत्र्यूस हे वाइनमधलं मोठं नाव तिथलंच. साडेअकरा हेक्टरची बाग, खाली निळसर चिकणमाती. आम्ही ती कुंपणाबाहेरून बघितली. बाहेरून ते एक साधं रान आहे.

दुपारच्या जेवणात हिला बकरीच्या दुधाचं चीज, अक्रोड आणि पालेभाजी मिळाली. बरोबर आणलेली शेंगदाण्याची चटणी तिने त्या चीजवर घातली आणि आयरिश बहिणींनी ती डबी संपवली.

बुधवार: आंत्र-द-मेर

या दिवसाबद्दल मला जास्त लिहायचं आहे.

गारोन आणि दोर्दोन्य या दोन भरतीच्या नद्यांमधला हा प्रदेश. नावाचा अर्थच दोन समुद्रांच्या मधला. टेकड्या, झाडी, आणि सोव-माझ्यूर नावाच्या अकराव्या शतकातल्या मठाचे भग्न खांब. पर्यटक कमी येतात. इथे मोठे शातो नाहीत, कुटुंबांच्या बागा आहेत. बोर्दोची साधी, रोजची वाइन इथून येते.

रस्त्याने जाताना एका वळणावर मी गाडी थांबवायला सांगितली. उतारावर रिकामं रान, आणि कडेला वेलींच्या खोडांचा ढीग. मुळांसकट उपटलेली, वाळलेली, एकमेकांत अडकलेली खोडं. पुढच्या वळणावर आणखी एक ढीग.

गाइडने शांतपणे सांगितलं. फ्रान्समध्ये लाल वाइन पिणारे कमी होत चाललेत, चीनला जाणारा मालही घटला. 900 लिटरच्या मापाला इथे तोनो म्हणतात. साध्या बोर्दोच्या तोनोला मिळणाऱ्या भावात खर्चही निघेना. लोकांनी बागा तशाच सोडायला सुरुवात केली. सोडलेल्या बागेतून रोग शेजाऱ्याकडे जातात. म्हणून 2023 मध्ये सरकार आणि इथल्या वाइन मंडळाने मिळून योजना काढली, बाग उपटणाऱ्याला हेक्टरी 6,000 युरो. जिरोंद जिल्ह्यात 9,500 हेक्टरपर्यंत बागा काढायचं ठरलं.

मला ढिगाजवळ जायचं होतं. एका खोडाचा घेर दोन्ही हातांत मावत नव्हता. आमच्याकडे 2023 च्या नोव्हेंबरात निफाडला गारपीट झाली. मणी धरलेले घड रात्रीत जमिनीवर आले. त्याआधीची दोन वर्षं भावाने मारली होती. उन्हाळ्यात मी वडिलांनी लावलेली थॉमसन जातीची दोन एकर बाग काढली. जेसीबी आणला होता. मूळ सुटताना जमिनीतून एक आवाज येतो, तो ज्याने ऐकला त्यालाच माहीत. ही त्या दिवशी घराबाहेर आली नव्हती. इथे मात्र ती माझ्या आधी ढिगापाशी गेली, एका खोडावरची माती पदराने पुसली आणि म्हणाली, "याचा डोळा अजून जिवंत होता हो."

पुढे ज्या बागेत आम्ही गेलो तिथले मालक माझ्याच वयाचे. हात बघितल्यावर ओळख पटते. अंगठ्याला कात्रीचा घट्टा. त्यांनी वीस हेक्टरांपैकी पाच काढले होते. ते आजोबांनी लावलेले. 1956 च्या फेब्रुवारीत इथे अशी थंडी पडली की वेली उभ्या मेल्या, त्यानंतर आजोबांनी सगळं नव्याने लावलं. "थंडीने मारलेलं त्यांनी पुन्हा लावलं. मी काढलेलं कुणी लावणार नाही," ते म्हणाले. मुलीने भाषांतर करताना मध्येच थांबून घसा साफ केला.

आमच्या दोघांचं बोलणं मग दोन तास चाललं. बाकीचे प्रवासी बागेत फिरून आले, चव घेऊन झाली, तरी आम्ही ओळीच्या टोकाशी उभे. 2023 मध्ये डावणीने त्यांची मर्लो खाल्ली. एवढा पाऊस आणि ऊब एकत्र आली की फवारणीला रान मोकळंच मिळेना. ते सेंद्रिय करतात, म्हणजे डावणीसाठी मुख्य आधार तांब्याचाच, बोर्डोचा. पण युरोपात आता तांब्याला मर्यादा आहे, सात वर्षांत मिळून हेक्टरी 28 किलो. कारण तांबं जमिनीतून जात नाही. सव्वाशेहून जास्त वर्षं मारलेलं साठत आलंय, गांडुळं कमी होतात. त्यांनी मला विचारलं, तुम्ही वर्षाला किती मारता? मी आकडा सांगायला तोंड उघडलं आणि माझ्या लक्षात आलं की मी तो कधी मोजलेला नाही. छाटणीनंतर, पावसात, काढणी झाल्यावर, जेव्हा वाटलं तेव्हा. फवारणीच्या वहीत तारखा आहेत. बेरीज नाही.

मी त्यांना आमची द्राक्षं सांगितली. जिबरेलिक या वाढीच्या संजीवकात घड बुडवतो, विरळणी करतो, मणी अठरा मिलिमीटर झाला पाहिजे, नाहीतर निर्यात होत नाही. त्यांना ते फार आश्चर्याचं वाटलं. त्यांना मणी लहान हवा. रंग आणि तुरटपणा सालीत असतो, मणी लहान तर रसाच्या मानाने साल जास्त. आमच्या एका वेलीला दहा किलो, मेदोकच्या वेलीला किलोभर. एकाच झाडाकडून दोन देशांनी किती वेगळं मागितलं आहे.

त्या दिवशी मर्लोची काढणी होती. क्रेटमधून आलेला माल सरकत्या पट्ट्यावर पडत होता आणि चार बायका दोन्ही बाजूंनी पानं, काड्या, कुजके मणी वेचत होत्या. ही बघत उभी राहिली. आमच्या गावच्या पॅकहाउसमध्ये तिने अठरा वर्षं प्रतवारी केली आहे. मालकीणबाईंनी तिच्याकडे बघितलं, मग टेबलावरचे हातमोजे पुढे केले. हिने माळ पदराखाली घेतली आणि उभी राहिली. पहिले दोन मिनिटं तिचा हात अडखळला, कारण इथले मणी बारीक. मग लय सापडली. शेजारच्या बाईने एकदा तिच्या हाताकडे बघून दुसरीला खूण केली. अर्धा तास कोणी कोणाशी बोललं नाही, बोलायला भाषाच नव्हती. उठताना मालकीणबाईंनी तिला मर्लोचा ताजा रस दिला, आंबायच्या आधीचा. तो ती प्यायली. "आंबट-गोड बरोबर आहे," एवढंच म्हणाली, पण ग्लास पूर्ण केला.

पिकलेलं कसं ओळखता, मी विचारलं. आम्ही साखर ब्रिक्समध्ये मोजतो, तेही मोजतात. पण शेवटचा निर्णय बी चावून. बी हिरवट आणि कडू असेल तर थांबायचं, तपकिरी आणि भाजल्यासारखी लागली तर काढायचं. बिनबियांची द्राक्षं काढण्यात माझं आयुष्य गेलं. बी चावायची आठवण थेट लहानपणच्या बियांच्या द्राक्षांपर्यंत मागे गेली.

निघताना त्यांनी ढिगातल्या वाळक्या काड्यांची जुडी दाखवली. या भागात मांस भाजायला याच काड्यांचा विस्तव करतात. आमच्याकडे चुलीला घालतात, मी म्हटलं.

गुरुवार: सोतेर्न

पहाटे साडेसहाला निघालो, कारण गाइडला आम्हाला धुकं दाखवायचं होतं.

आमच्याकडे धुकं पडलं की द्राक्षवाल्याची झोप उडते. पहाटे तीनला उठून पानं बघायची, उजाडताच फवारणीचा ब्लोअर जोडायचा. सोतेर्न हा गोड वाइनचा भाग, इथे धुक्याची वाट बघतात. सिरों नावाची एक लहान नदी जंगलाच्या सावलीतून येते, तिचं पाणी थंड. ती गारोनच्या उबदार पाण्याला मिळते आणि शरदातल्या पहाटे दोन्हींच्या काठावर धुकं दाटतं. त्या ओलीत सेमियों जातीच्या मण्यांवर बोट्रायटिस ही बुरशी चढते. दुपारी ऊन पडलं की तीच बुरशी सालीला बारीक छिद्रं पाडून आतलं पाणी उडवते, मणी सुकतो, साखर घट्ट होते. ऊन नाही पडलं तर सगळं कुजून जातं. सकाळी धुकं आणि दुपारी ऊन, याच क्रमाने. त्यावर वर्षाचं पीक.

सगळे मणी एकदम तयार होत नाहीत. म्हणून मजूर त्याच ओळीतून पाच-सहा वेळा फिरतात, महिना-दीड महिना, आणि दर वेळी तयार झालेले तेवढेच काढतात. टेकडीवर शातो द'इकेमच्या भिंती दिसत होत्या. 1855 च्या यादीत गोड वाइनमध्ये सर्वांच्या वर तो एकटाच होता. एका वेलीपासून एक ग्लास वाइन, असं त्यांचं प्रमाण सांगतात.

एका लहान बागेत पहिली फेरी चालू होती. मालकांनी एक घड तोडून हिच्या हातावर ठेवला. अर्धे मणी सोनेरी, काही जांभळट, काही राखेसारखी लव आलेले, आक्रसलेले. आमच्याकडे असा घड दिसला तर तो बागेबाहेर नेऊन पुरतो. हिने माझ्याकडे बघितलं. मग एक राखाडी मणी तोंडात टाकला आणि डोळे मिटले.

"काय लागतं?" मुलीने विचारलं.

"बेदाणा आहे. पण ओला. आत मध, आणि शेवटी संत्र्याच्या सालीचं कडवटपण." थोडं थांबून म्हणाली, "आजींच्या हातचा मुरंबा."

मी नंतर वाइन चाखली. जे तिने मण्यात सांगितलं होतं तेच ग्लासात होतं, त्याच क्रमाने.

दुपारी बोर्दोत परत आलो. 2016 मध्ये उघडलेलं वाइनचं संग्रहालय सगळ्यांनी बघितलं, आठव्या मजल्यावरून शहर आणि नदीचं वळण दिसतं. छान आहे. पण माझं मन बुधवारच्या ढिगापाशी होतं. गाइडने निरोप घेताना हिला दोन्ही गालांना गाल लावून भेट दिली आणि हिने तिच्या हातात नारळाच्या वड्यांचा डबा दिला.

रात्रीच्या गाडीने तुलूजला निघालो. खिडकीबाहेर अंधार होता. लांगोंच्या पुढे कुठेतरी फोन वाजला. धाकटा भाऊ. गावाकडे मध्यरात्र उलटून गेली होती.

"दादा, पाऊस थांबत नाही. पण परवापासून उघडीप सांगितलीय. खालच्या प्लॉटची छाटणी धरू का?"

"जमीन वाफशावर येऊ दे. घाई करू नको."

"आणि छाटल्यावर बोर्डो मारून घेऊ ना लगेच?"

"मार. एक टक्का. पातं बुडवून बघ, चुना कमी पडू देऊ नको," मी म्हटलं. "आणि ऐक, फवारणीची वही काढून ठेव. यंदाच्या सगळ्या. मोरचूद किती गेलं ते लिहायचंय."

"आत्ता? कशाला?"

"आल्यावर सांगतो."